मस्कतची पानं

5 जानेवारी 2020, मस्कत
पहाटे 4.40. वकिलातीचा ड्यूटी फोन. रुसैलजवळचा लेबर कॅम्प. शटरिंगचा सुतार, वय 38. रात्री जेवून झोपला, सकाळी उठवायला गेले तर अंग गार. जिल्हा रत्नागिरी, तालुका खेड. खोलीतला सोबती मोडक्या हिंदीत सांगत होता. मागे कुणीतरी कलमा पढत होतं.
या आठवड्यातला दुसरा. दोघंही झोपेतच गेले.

6 जानेवारी
कंपनीचा माणूस पासपोर्ट देऊन गेला. फोटो पाहिला आणि ओळखलं. नोव्हेंबरमध्ये वकिलातीच्या ओपन हाऊसला, तक्रारी ऐकायच्या बैठकीला आला होता. शेवटच्या रांगेत. तीन महिने पगार नाही, पासपोर्ट कंपनीकडे, गावी जायचंय. मी म्हटलं, लेखी अर्ज घेऊन या. मान डोलावली आणि गेला.
नोंदवही चाळली. त्याचं नाव नाही. लेखी नव्हतं, म्हणून नोंद नाही.
मालकानं कामगाराचा पासपोर्ट ठेवून घ्यायचा नाही, असा इथला नियम आहे. त्याचा पासपोर्ट आज सुटला.

7 जानेवारी
खेडहून भावाचा फोन. कंपनीनं त्याला परस्पर सुचवलंय, दफन इथंच करू, लवकर होईल. मला म्हणाला, "मॅडम, तुम्ही सांगाल तसं करू. पण आई दारातून उठत नाही. तिला एकदा तोंड दाखवायचंय."
त्याला सांगितलं, पाठवते.
बायकोचं संमतिपत्र लागेल, नोटरीसमोर केलेलं. मजकूर मीच मराठीत लिहून फोनवर पाठवला.

8 जानेवारी
कंपनी खर्चाला टाळाटाळ करते आहे. समाज कल्याण निधीतून रक्कम मिळावी म्हणून टिप्पणी लिहिली. 2009 पासून हा निधी याचसाठी आहे. संध्याकाळी मंजुरी आली.
प्रशिक्षणात 1963 च्या व्हिएन्ना कराराचं 37 वं कलम पाठ केलं होतं. परदेशी माणूस वारला की यजमान देशानं त्याच्या वकिलातीला विनाविलंब कळवायचं. त्याच कलमात अज्ञान मुलांचं पालकत्व, फुटलेलं जहाज, कोसळलेलं विमान. तेव्हा परीक्षेपुरतं वाचलं.
रात्री वाईहून आईचा फोन. संक्रांतीला येतेस का? नाही म्हटलं. पुढं काही बोलली नाही.

9 जानेवारी, गुरुवार
मृत्यूचा दाखला आला. आडनाव चुकलंय.
अरबीत 'प' नाही. त्याचा 'ब' होतो. अरबीतून इंग्रजीत येताना तो 'ब' तसाच राहिला. पासपोर्टवर 'प', दाखल्यावर 'ब'. कागदोपत्री ही दोन माणसं. एअरलाइन पेटी घेणार नाही.
दुरुस्तीला धावले. खिडकी बंद झाली होती. आता रविवार.
कैरोत दोन वर्षं हीच भाषा शिकले. बाबा तेव्हाच गेले. 2009. पोचले तिसऱ्या दिवशी. तोंड दिसलं नाही.

10 जानेवारी
सुट्टी. लेकीचा भूगोलाचा प्रकल्प. "आपलं गाव" या विषयावर काय लिहू, विचारत होती. नऊ वर्षांची आहे, चौथी शाळा. वाई लिहिलं. तिथं सलग महिनाभर कधी राहिली नाही.

11 जानेवारी
ओमानचे सुलतान काबूस गेले. रात्री वारले, पहाटे जाहीर झालं. 1970 पासूनचं राज्य. रस्त्यावर मोठी माणसं रडताना पाहिली. आमच्या इमारतीचा ओमानी रखवालदार पायरीवर बसून होता. मी शेजारी उभी राहिले. अरबीतली सांत्वनाची सगळी वाक्यं येतात, तरी एकच म्हणता आलं.
आजच दफन झालं, घाला इथल्या कबरस्तानात. साध्या मातीत.
तीन दिवस दुखवटा. सरकारी, खासगी, सगळं बंद. दाखल्याची खिडकीही.

12 जानेवारी
भावाचा फोन दोनदा. "आज काही?" आज काही नाही.

13 जानेवारी
भारतातही आज एक दिवसाचा राजकीय दुखवटा. झेंडा अर्ध्यावर.
बायकोचं संमतिपत्र आलं. सहीच्या जागी अंगठा. बोटाची रेघ न् रेघ उमटली आहे.

14 जानेवारी
दिल्लीहून केंद्रीय मंत्री शोकभेटीला. पहाटेपासून प्रोटोकॉल. गाड्या, पास, कोण कुणाच्या मागे उभं राहणार. एकही चूक होऊ दिली नाही. इथं सात लाखांहून जास्त आपली माणसं राहतात, या राजघराण्यापर्यंत आपला शब्द नीट जायलाच हवा.
खिडकी आज उघडली. मला जाता आलं नाही. आमच्या मलयाळी सहकाऱ्याला पाठवलं, तळहातावर 'प' लिहून. दीड वाजता त्याचा मेसेज आला. दुरुस्त झालं.
आज भोगी. रात्री नऊला आठवलं.

15 जानेवारी
ना हरकत पत्रावर सही केली. पासपोर्टवर रद्दचा शिक्का मारायचा होता. शिपाई मारतो, आज मी मारला. शेवटच्या पानावर आईचं नाव, बायकोचं नाव, मुक्काम पोस्ट. तेवढ्या पानावर शिक्का मारला नाही.
आईनं कुणाबरोबर तरी तिळगूळ पाठवलाय. डबा उघडला. वेलदोड्याचा वास घरभर.

16 जानेवारी
रात्री कार्गोला गेले. जायची गरज नव्हती. पेटी वजनकाट्यावर. आकडा थोडा वेळ खालीवर होत राहिला, मग थांबला. चिठ्ठी चिकटवायच्या आधी नाव एकेक अक्षर मोठ्यानं वाचलं. 'प' होता.
खोलीतला सोबती आला होता. एक पिशवी आणली होती. दोन शर्ट, मोबाइल, लहान मुलीचे बूट, दुकानाच्या खोक्यातले, न वापरलेले. पिशवी पेटीबरोबर घेत नाहीत. मी ठेवून घेतली.

17 जानेवारी
आपल्याकडचे साडेनऊ. भाऊ. "मॅडम, मगरिबनंतर माती दिली. आईनं तोंड पाह्यलं." मग फोनवर नुसता श्वास. मीही ठेवला नाही.

19 जानेवारी
पार्थिव गेलं की फाइल बंद होते. बंद केली नाही. तीन महिन्यांचा पगार आणि सेवासमाप्तीची रक्कम यांसाठी कंपनीला पहिलं पत्र.
बूट घेऊन एकजण मुंबईला गेला.

26 जानेवारी
झेंडावंदन. लेक पहिल्या रांगेत. राष्ट्रगीताला माझा आवाज मध्येच बसला.

29 जानेवारी
कंपनीला दुसरं पत्र.
आईला सांगितलं, मार्चमध्ये आठ दिवस येते. रजेचा अर्ज दिला. लेखी.

2 फेब्रुवारी
खिडकीशी एकजण. बोटांना सिमेंट. अर्ज आणला नाही, लिहिता येत नाही म्हणाला.
खुर्ची दिली. वही ओढली. म्हटलं, तुम्ही सांगा, मी लिहिते. आधी नाव.