गाडीचा दम

वऱ्हाडात कोणत्याही वस्तूची परीक्षा 'दम' या एका शब्दावर होते. बैलात दम आहे का, जमिनीत दम आहे का, झालेच तर जावयात दम आहे का! विहिरीला पाणी असते, पण दम नसतो. म्हणजे तासभर मोटार चालली की तळ दिसू लागतो. साठी उलटल्यापासून माझ्या दमाची चौकशी डॉक्टरांखेरीज कोणी करीत नाही. पण गेल्या वर्षी ऐन आश्विनात आमच्या गाडीचा दम गेला, आणि मग दम म्हणजे नेमके काय, याचा शोध घेण्यात माझे तीन दिवस गेले.

आमची गाडी म्हणजे एक बारा वर्षांची, सेकंडहँड घेतलेली डिझेल गाडी. तिच्या पाठीवर 'टर्बो' अशी अक्षरे आहेत; ती तेवढी अजून चकाकतात. नोकरीतून निवृत्त झाल्यावर अमरावतीचे घर कुलूपबंद करून आम्ही उभयता शेंदूरजनाघाटला माझ्या सासुरवाडीला येऊन राहिलो आहोत. साठीनंतर घरजावई होण्याचा हा मान मी हौसेने पत्करलेला नाही. सासूबाईंची मूत्रपिंडे थकली. आठवड्यातून दोन वेळा, मंगळवारी आणि शुक्रवारी, त्यांना डायलिसिससाठी नागपूरला न्यावे लागते. तिथल्या डॉक्टरांवर त्यांचा भरवसा आहे, आणि या वयात माणसाचा भरवसा बदलायला सांगू नये. माझे सासरे, म्हणजे मामाजी, त्र्याऐंशी वर्षांचे. त्यांची संत्र्याच्या कलमांची नर्सरी आहे. शेंदूरजनाघाट हे वरूड तालुक्यातले, सातपुड्याच्या पायथ्याचे गाव. आणि इथली संत्र्याची कलमे दूरदूरच्या बागांत लागलेली आहेत. जंबेरीच्या रोपाला संत्र्याचा डोळा बांधण्यात मामाजींचा हात आजही थरथरत नाही. गाडी चालवणे मात्र त्यांनी सोडले आहे. तेव्हा सारथ्य माझ्याकडे.

त्या शुक्रवारी संध्याकाळी काटोलमार्गे परत येत होतो. मागच्या सीटवर सासूबाई ग्लानीत, शेजारी ही. पुढे संत्र्यांनी शिगोशीग भरलेला एक ट्रक चालला होता. रस्ता मोकळा पाहून मी त्याला मागे टाकायला निघालो, अर्धा ट्रक ओलांडला, आणि पाय दाबूनही गाडी पुढे सरकेना. समोरून दिवे येत होते. ट्रकवाल्याने काय ओळखले कोण जाणे, त्याने वेग कमी केला आणि मला आत घेतले. काचेखाली इंजिनाचा पिवळा दिवा लागला होता. गाडी बंद करून पुन्हा सुरू केली, तर शहाण्या मुलासारखी चालू लागली; पुढच्या चढावर पुन्हा तेच. ही घरी येईपर्यंत एक शब्द बोलली नाही. आल्यावर एवढेच म्हणाली, "मंगळवारी या गाडीने आईला न्यायचे नाही."

आता हे टर्बो प्रकरण काय आहे ते थोडक्यात सांगतो. इंजिनाची ताकद इंधनावर असते असे आपण समजतो. ती अर्धीच गोष्ट. इंधन जाळायला हवा लागते, आणि इंजिन आपल्या श्वासाने ओढून ओढून किती हवा ओढणार? स्वित्झर्लंडच्या आल्फ्रेड ब्यूखी नावाच्या इंजिनिअरने १९०५ मध्ये एका युक्तीचे पेटंट घेतले. धुराड्यातून जो गरम वायू फुकट जातो, त्याच्या जोरावर एक चाक फिरवायचे आणि त्याच दांड्याच्या दुसऱ्या टोकाला बसवलेल्या पंख्याने बाहेरची हवा दाबून इंजिनात कोंबायची. १९१८ मध्ये अमेरिकेत सॅनफोर्ड मॉस याने असे यंत्र बसवलेले विमानाचे इंजिन पाइक्स पीक या चौदा हजार फुटांहून उंच शिखरावर नेऊन चालवले, आणि विरळ हवेत गेलेली इंजिनाची शक्ती परत आणून दाखवली. विकत मिळणाऱ्या मोटारींत हे यंत्र शिरले ते १९६२ मध्ये, तेही अमेरिकेत. लहान गाडीतले ते चाक मिनिटाला लाखाच्या वर फेरे घेते. घरचा पंखा मिनिटाला तीनशे-साडेतीनशे फेरे घेतो, यावरून कल्पना करावी.

अकोला–खंडवा मीटरगेज गाडीने ज्यांनी प्रवास केला असेल, त्यांना ही गोष्ट वेगळी सांगायला नको. त्या मार्गावरच्या वायडीएम-४ जातीच्या डिझेल इंजिनांना असाच टर्बो असे. धूळघाटच्या वळशात चढ लागला, ड्रायव्हरने दांडी पुढे सारली, की इंजिन आधी काळ्याकुट्ट धुराचा लोट सोडी आणि मग जोर धरी. इंधन लगेच पोहोचे, पण चाकाला वेग येऊन हवा पोहोचायला उशीर लागे. तो धूर म्हणजे तेवढ्या उशिराची पावती. अकोला–अकोट हा टप्पा २०१७ च्या आरंभी रुंदीकरणासाठी बंद झाला आणि तो धूरही गेला. आजच्या मोटारीतला कॉम्प्युटर असे होऊ देत नाही. हवा कमी आली की तो इंधनही कमी करतो, दिवा लावतो आणि गाडीला लंगडत घरी पाठवतो. इंजिन वाचते, हे खरे. पण ट्रकच्या कडेला असताना हा सूज्ञपणा फार महाग पडतो.

शनिवारी गाडी हळूहळू एका शहरातल्या मोठ्या गॅरेजात नेली. तिथे काचेच्या खोलीत चहा मिळाला. तासा-दोन तासांनी एका तरुणाने थंड झालेल्या गाडीला यंत्र जोडले. पडद्यावर 'पी ०२९९' असा आकडा आला. अर्थ : टर्बोचा दाब कमी. तरुणाने बॉनेट उघडले नाही. कागद पुढे केला. नवा टर्बो, ४८ हजार रुपये, मजुरी वेगळी, माल यायला आठ-दहा दिवस. मी कागदाची घडी करून खिशात ठेवली.

घरी हिने हिशेब मांडला. ४८ हजार म्हणजे आईच्या औषधांसाठी बाजूला ठेवलेल्या रकमेतला मोठा घास. भाड्याची गाडी करावी, तर एका खेपेला साडेतीन हजार. आठवड्याला दोन खेपा. आंबिया बहाराची संत्री झाडावर होती, पण व्यापाऱ्याचे पैसे हातात पडायचे होते. मामाजी खाटेवर बसून ऐकत होते. ते म्हणाले, "जवाईबापू, झाडाच्या बुडाशी पानी नाई पोचलं, म्हून तुमचे लोक इहीरच बदलाले निंगाले! आधी नळ्या पाहा म्हना नं."

ही म्हणाली, "बाबा, ही संत्र्याची बाग नाही." मला मात्र ते बोलणे रुचले. वरूड-मोर्शीकडे पाणी इतके खोल गेले आहे की, थेंबाथेंबाचा हिशेब ठेवल्याशिवाय बाग जगत नाही. ठिबकची नळी कुठे फुटली आहे हे शोधण्यात इथल्या माणसाचा जन्म जातो.

रविवारी सकाळी गावातल्या मिस्त्रीला बोलावले. पस्तिशीचा माणूस, ट्रॅक्टर, जीपगाड्या, फवारणीचे पंप, सगळे त्याच्या हाताखालून जाते. मी कागद दाखवला. तो वाचून म्हणाला, "काकाजी, कंप्युटरनं खोटं नाई सांगतलं. दाब कमी हाय, थे त्यानं पायलं. काऊन कमी हाय, हे त्याले कोन सांगन?" मग त्याने विचारले, दिवा गाडी थंड असताना लागतो की गरम झाल्यावर? सपाटीवर की चढावर? आवाज बदलतो का? मोठ्या गॅरेजात मला कोणी एवढे विचारले नव्हते.

पहिल्यांदा त्याने हवेच्या जाड नळ्या चाचपल्या. एका सांध्याशी तेलाचा ओलावा होता. तिथली पट्टी आवळली. मग आम्ही सातपुड्याच्या चढाकडे गेलो. दोन वळणे गाडी छान चढली, तिसऱ्यावर दिवा. मी खट्टू झालो. मिस्त्री म्हणाला, "चला, एक गोष्ट तं सुटली."

अंगणात परत आलो तेव्हा इंजिन तापलेले होते. त्याने मला खाली वाकवून टर्बोच्या अंगाला असलेली पत्र्याची एक डबी दाखवली. तिच्यातून एक सळई निघते. टर्बोच्या चाकाभोवती बारीक पात्यांची कडी असते. सळई ती पाती मिटते किंवा उघडते. बागेत पाणी घालताना नळीच्या तोंडावर अंगठा दाबला की धार लांब जाते ना, तसेच हे. पाती मिटली की थोडा वायूही जोराने येतो आणि चाक फिरवतो. सळई ओढण्यासाठी डबीत व्हॅक्यूम लागतो. तो इंजिनावरचा पंप तयार करतो, आणि मधल्या विजेच्या व्हॉल्व्हमधून कॉम्प्युटर हवा तेवढा सोडतो. व्हॅक्यूम पोहोचला नाही, तर पाती उघडीच राहतात आणि गाडीचा दम जातो.

"लावा सेल," तो म्हणाला. इंजिन सुरू होताच सळई झटक्याने पूर्ण ओढली जायला हवी होती. ती अर्ध्यावर गेली आणि तिथेच थरथरत राहिली. मग त्याने पिस्तुलासारखा एक हातपंप काढला, थेट डबीला लावला आणि दोनचारदा दाबला. सळई लोण्यातून सुरी जावी तशी वर गेली. पंपावरचा काटा जागचा हलला नाही. त्याने पंप सोडला. सळई सरळ खाली.

"टर्बो चांगला हाय," मिस्त्री म्हणाला. "डबी फुटली नाई, पाती जाम नाई." ही दारात उभी होती. तिने पदराने कपाळ पुसले आणि चहा ठेवायला आत गेली.

पुढचे काम म्हणजे वजाबाकी. ब्रेकला मदत करणारा व्हॅक्यूमही त्याच पंपाचा. ब्रेक जड लागत नव्हता, म्हणजे पंपावर संशय नको. त्याने आपल्याजवळची एक नळी लावून पंप थेट डबीला जोडला. सळई पूर्ण ओढली गेली. व्हॉल्व्ह हातपंपाने तपासला, तोही ठीक. उरली मधली, करंगळीहून बारीक अशी काळी रबरी नळी. ती सोडवून तिचे एक टोक बोटाने दाबले, बादलीतल्या पाण्यात बुडवली आणि दुसऱ्या टोकाने फुंकले. पंक्चर काढतात तसे. एक बुडबुडा येईल तर शपथ!

मिस्त्री पहिल्यांदाच गप्प झाला. चहा निवत होता. तेवढ्यात खाटेवरून आवाज आला, "थंड्या पान्यात काय पायता? आमच्या ठिबकच्या नळ्या सकाळी साबूत असते, दुपारच्या उन्हात फुटते. बंबातलं पानी घ्या नं."

बंबातले कढत पाणी आणले. मिस्त्रीने नळी गाडीत असते तशी वाकवली, पाण्यात धरली, फुंकली. बाकाच्या आतल्या अंगाने बुडबुड्यांची बारीक माळ वर येऊ लागली. नखाएवढीही नव्हती ती चीर. गार असताना ओठ मिटून बसे, तापून वाकली की उघडे. तिला जागेवर धरणारी पट्टी केव्हाच निसटली होती, त्यामुळे ती इंजिनाच्या गरम अंगाला टेकून घासत होती. मामाजींनी ती नळी हातात घेऊन उजेडात फिरवून पाहिली, कलमाचा डोळा धरला की नाही हे पाहतात तशी, आणि काही न बोलता परत दिली.

नवी नळी वरूडहून आणली. मीटरभर, ९० रुपयांना. मिस्त्रीने ती लांबून वळवली, गरम भागाजवळ तिच्यावर आवरण चढवले आणि दोन ठिकाणी पट्ट्या मारल्या. जुना आकडा मोबाईलवरून पुसला, आणि आम्ही पुन्हा त्याच चढाला गेलो. आता मोबाईल माझ्या हातात आणि चाक मिस्त्रीच्या. पडद्यावर दोन आकडे धावत होते : कॉम्प्युटरने मागितलेला दाब आणि टर्बोने दिलेला. सकाळी ज्या तिसऱ्या वळणावर दिवा लागला, तिथे मागणी २०५०, पुरवठा २०३०. बाहेरच्या हवेच्या जवळजवळ दुप्पट! तीनदा वर-खाली केले. दिवा लागला नाही.

मजुरीचे त्याने ४०० रुपये सांगितले. हिने हजार पुढे केले. त्याने ५०० घेतले, आणि पन्नास जंबेरीची रोपे उधार मागून मामाजींशी स्वतंत्र व्यवहार केला.

सोमवारी मी एकटाच काटोलपर्यंत जाऊन आलो. ही काही बोलली नव्हती, पण तिचे म्हणणे मला ठाऊक होते. मंगळवारी पहाटे पाचला निघालो. सासूबाईंनी नेहमीप्रमाणे विचारले, "गाडी बरी हाय नं?" आणि उत्तराची वाट न पाहता डोळे मिटले. काटोलच्या अलीकडे पुढे ट्रक लागला. हिचा हात दाराच्या कडीवर गेला. मी रस्ता पाहिला, पाय दाबला, आणि गाडी ट्रक ओलांडून पुढे निघून गेली. आठला पाच मिनिटे असताना सासूबाईंना आत घेतले.