चकवा

परीकथेतील अरण्य तुम्हां-आम्हां सर्वांच्या परिचयाचे आहे. तेथे झाडे बोलतात, वाटा आपोआप बदलतात आणि एकदा आत शिरलेला राजपुत्र बाहेर पडावयाचा तो कुणाच्या तरी वरदानानेच. असे अरण्य पृथ्वीच्या पाठीवर कोठेही नाही, असे मोठी माणसे सांगतात. मला ते फारसे पटत नाही. आमच्या नागपूरच्या पूर्वेस आणि दक्षिणेस भंडारा, गोंदिया, चंद्रपूर व गडचिरोली या जिल्ह्यांत जी राने पसरली आहेत, त्यांत परीकथेचे निम्मे साहित्य सहज सापडेल.

भुताचेच पाहा ना! या रानांत कहांडळ नावाचा एक वृक्ष असतो. त्याची साल पांढुरकी आणि कागदासारखी सुटून येणारी. उन्हाळ्यात त्याची पाने गळून जातात आणि चांदण्या रात्री तो पांढरा, निष्पर्ण देह काळ्या रानात हात पसरून उभा राहतो. रानातील वाटाडे त्याला ‘भुताचे झाड’ म्हणूनच दाखवितात. त्याच भुताच्या अंगातून निघणारा डिंक मात्र माणसे आनंदाने गोळा करतात, ही त्यातली मौज!

पण हे भूत नुसते भिवविते. चकवा माणसाला फिरवितो. चकवा म्हणजे वाटसरूची दिशाभूल करणारे भूत. तो दिसत नाही, बोलत नाही. तो लागला की ओळखीची पाऊलवाट अनोळखी होते आणि कितीही चालले तरी माणूस तेथल्या तेथेच राहतो. शेजारच्या छत्तीसगडात हा दोष ‘भूलन कांदा’ नावाच्या वनस्पतीकडे जातो. तिच्यावर पाय पडला की वाट विसरते, आणि दुसऱ्या माणसाचा स्पर्श होईपर्यंत ती भुरळ उतरत नाही, अशी तेथील लोकांची श्रद्धा आहे.

मी दहा-अकरा वर्षांचा असताना माझ्या वडिलांचे थोरले बंधू, आमचे मोठे बाबा, या चकव्यात सापडले. श्रावण महिना होता. आभाळ सकाळपासून गच्च भरलेले. चरावयास गेलेली गाय कळपातून मागे राहिली म्हणून मोठे बाबा दुपारी एकटेच रानात गेले. दिवेलागण झाली तेव्हा गाय आपल्या पायांनी घरी आली. मोठे बाबा आले नाहीत. वडील आणि शेजारची चार माणसे कंदील घेऊन निघाली. मी आजीजवळ ओट्यावर बसून त्या कंदिलांकडे पाहत होतो. एकेक करून ते झाडांत दिसेनासे झाले.

मध्यरात्रीच्या सुमारास सगळे परतले. मोठे बाबा अंगापिंडाने धिप्पाड. रानात लहानाचे मोठे झालेले. तरी त्यांच्या हातातला पाण्याचा तांब्या थरथरत होता. ते सांगू लागले, “नाला ओलांडला आणि सरळ गावाकडे चालू लागलो. वीज पडून चिरलेला एक ऐन लागला. खूप चाललो, तर पुन्हा तोच ऐन! तिसऱ्यांदा तो पुढे उभा दिसला, तेव्हा पायांतले बळच गेले.” वडिलांनी मागून खांद्यावर हात ठेवला तेव्हा ते किंचाळले, मग भावाला ओळखून मटकन खाली बसले आणि लहान मुलासारखे रडले. गाव तेथून अर्ध्या कोसावर होते. आजी एवढेच म्हणाली, “एकटा कायले गेलास रे?”

चकव्याचा हा कारभार पुढे शास्त्रज्ञांनीही तपासला. जर्मनीतील यान सूमान आणि त्यांचे सहकारी यांनी काही माणसांना एका मोठ्या सपाट जंगलात सोडून सरळ चालावयास सांगितले आणि त्यांची वाट यंत्राने टिपली. ऊन असताना चाललेली माणसे जवळजवळ सरळ गेली. आभाळ झाकलेले असताना चाललेली माणसे गोल गोल फिरली. आपण आपलीच वाट ओलांडीत आहोत, याचा त्यांना पत्ताही नव्हता. हे निष्कर्ष २००९ साली प्रसिद्ध झाले. ‘सरळ’ म्हणजे कोणीकडे, याविषयी आपल्या मनात पावलागणिक बारीकशी चूक होत असते. सूर्य, डोंगर किंवा दूरचे देऊळ दिसत असले की ती आपोआप दुरुस्त होते. खूण नाहीशी झाली की चुका साठत जातात आणि वाट वळते. मोठ्या बाबांना श्रावणातल्या ढगांनी गाठले होते तर!

मुख्याध्यापक असताना मी हा प्रयोग सातवीच्या मुलांकडून मैदानावर करवून घेतला. डोळे बांधून समोरच्या कडुनिंबापर्यंत जावयाचे. पहिला मुलगा मोठ्या ऐटीत निघाला आणि थोड्याच वेळात वळून आमच्याच रोखाने येऊ लागला. हसू दाबून सगळे गप्प उभे. तो एका मित्राच्या पोटावर आदळला आणि कडुनिंब समजून त्यालाच मिठी मारून मोकळा झाला!

रानात मात्र हसण्यासारखे फारसे नसते. तेथे अस्वल आहे, वाघ आहे. चंद्रपूर जिल्ह्यात वाघाच्या हल्ल्यात माणसे दगावल्याच्या वार्ता आजही येतात. ताडोबाच्या तलावाकाठी तारूचे देवस्थान आहे. तारू हा गावचा प्रमुख. वाघाशी झुंजताना तो पडला आणि लोकांनी त्याला देव मानले, अशी आख्यायिका आहे. १९५५ साली तेथे झालेल्या राष्ट्रीय उद्यानालाही त्याचेच नाव मिळाले. त्या वीरालाही वाघ एकट्याने भारी पडला, हे गावकरी विसरलेले नाहीत.

म्हणूनच मोह फुलू लागला की बायामाणसे घोळक्याने रानात जातात. फुले वेचणारा माणूस वाकलेला असतो. वाकलेल्या माणसाला मागचे दिसत नाही. अजून पुरते उजाडलेले नसते. एका झाडाखालून हाक येते, “हो ऽ ऽ!” क्षणभर सगळे रान स्तब्ध असते, मग पलीकडच्या झाडाखालून तिला उत्तर येते आणि टोपलीत पुन्हा फुले पडू लागतात.