व्याजाचा मुद्दा

३१ मे २०१८ रोजी कार्यालयानं मला शाल, नारळ आणि भिंतीवरचं घड्याळ देऊन निरोप दिला. ग्रॅच्युइटीचं काम लवकरच होईल असंही साहेब भाषणात म्हणाले. खणभागातल्या आमच्या घरात ते घड्याळ अजून चालतं. ‘लवकरच’ मात्र चार वर्षं चाललं.

पाचव्या वेतन आयोगाच्या वेळची माझी वेतननिश्चिती म्हणे चुकली होती. जादा पगार गेला होता आणि तो वसूल करायचा होता. आता ती वेतननिश्चिती काही मी केली नव्हती. मी साधा कारकून, सही साहेबांची. पण आकडा ठरेपर्यंत सगळं अडकलं. तात्पुरती पेन्शन तेवढी सुरू झाली, तीही आठ महिन्यांनी. ऑगस्ट २०१९ मध्ये कृष्णेचं पाणी शहरात शिरलं, तळमजल्यावरची दप्तरं भिजली, त्यात माझं सेवापुस्तकही. तेव्हापासून विचारायला गेलं की एकच उत्तर मिळायचं: पूर. त्याआधीचे चौदा महिने कोरडेच गेले होते, ते कुणी मोजेना.

इकडे धाकटीचं लग्न ठरलेलं. बायको म्हणाली, “अहो, तुमच्या फायलीसाठी पोरीचा निकाह थांबायचा नाही.” पतसंस्थेचं कर्ज काढलं. अब्बा गवंडी होते. हाताखालच्या माणसाला रोजगार दिल्याशिवाय संध्याकाळी जेवायला बसत नसत. व्याजाचा पैसा त्यांनी ना घेतला, ना दिला. त्यांचा मुलगा दर महिन्याला व्याजाची पावती फाईलला लावू लागला.

शेवटी वकील गाठले. त्यांनी पहिल्यांदा विचारलं, “जादा रक्कम परत देईन असं हमीपत्र लिहून दिलंय का?” नव्हतं दिलं. मग त्यांनी सर्वोच्च न्यायालयाचा २०१४ चा रफीक मसीह निकाल दाखवला. तृतीय-चतुर्थ श्रेणीच्या किंवा निवृत्त झालेल्या कर्मचाऱ्याकडून अशी वसुली करणं अन्यायाचं, असं त्यात म्हटलं आहे. नाकारा निकाल मला ठाऊक होता. पेन्शन ही मेहेरबानी नव्हे, हे १७ डिसेंबर १९८२ ला ठरलं. पेन्शनर मंडळी तो दिवस पाळतात.

अर्जात शेवटी व्याजाची मागणी होती. मी म्हणालो, “ती काढा. माझं मला मिळालं की पुरे.”

वकिलांनी चष्मा काढला. केरळच्या पद्मनाभन नायर यांची गोष्ट सांगितली. ते १९७३ ला निवृत्त झाले, पैसे मिळाले १९७५ ला. उशिराबद्दल त्यांनी बारा टक्के व्याज मागितलं होतं, खालच्या कोर्टानं सहाच दिलं, आणि वाढ त्यांनी हायकोर्टात मागितली नाही. १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणालं, आम्ही बाराही दिले असते. पण यांनी सहावरच समाधान मानलंय. “साहेब, न मागितलेलं कोर्ट देत नाही.”

त्या रात्री झोप नाही. बायकोला सांगितलं तर तिनं कपाटातून पतसंस्थेच्या पावत्या काढून पुढ्यात टाकल्या. “हे कुणामुळं भरलं? तेवढं परत मागा. वरचं राहिलं तर बघू.” तिच्याइतकं सरळ मला कुणीच सांगितलं नव्हतं.

मागणी राहिली. महालक्ष्मी एक्सप्रेसनं रात्रभर बसून मुंबई, हायकोर्टात तारीख, रात्री परत. मध्ये कोरोनाचं वर्ष गेलं. २०२२ मध्ये वसुली रद्द झाली, व्याजासह पैसे मिळाले. पावत्यांची बेरीज वजा केली तर अकरा हजारांवर काही उरले. ते वेगळ्या पाकिटात ठेवले. खर्चायला हात होईना, कुणाला द्यावेत तेही सुचेना.

गेल्या वर्षी आमचा शिपाई घरी आला. निवृत्त होऊन वर्ष झालं होतं, फाईल तशीच. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय. आता एसटीनं सकाळी जाऊन संध्याकाळी घरी येता येतं. बायकोनं न बोलता पाकीट आणून त्याच्यापुढं ठेवलं. मी वकिलांचा नंबर लिहून दिला. खाली लिहिलं: व्याजाची मागणी काढू नकोस.