खेळातली मांजर

सुट्टीत नातवाने मला संगणकावर माइनक्राफ्ट दाखविले. 2019 पासून या खेळातील गावांत भटक्या मांजरी फिरतात. हातात कच्चा मासा धरून स्तब्ध राहावे लागते. एकदम हललो की मांजर पळालीच! कधी एका माशात, कधी चार-पाच माशांत ती माणसाळते. मग क्रीपर नावाचा स्फोटक राक्षस तिच्याजवळ फिरकत नाही. वर्गात पाच मिनिटे न बसणारा हा मुलगा मांजरीपुढे मात्र श्वास रोखून उभा!

2023 च्या जूनमध्ये त्याच्या वडिलांची कोयलीहून बदली झाली. घरची मनी शेजाऱ्यांकडे राहिली. खेळातल्या मांजरीला तो आता कधीच बसवत नाही. उभी असली तर मागोमाग येते, बसवली तर तिथेच राहून जाते, असे त्याने मला फोनवर सांगितले.