तोरण्यावर आठवलेला ‘उदयकाल’

चेलाडी फाट्याला महामार्ग सोडला की नसरापूर मागे पडतं, आणि मार्गासनीच्या पुढे तोरणा डोळ्यांत भरू लागतो. वेल्ह्यातून चढायला लागलो. १४०३ मीटर उंचीचा हा गड पुणे जिल्ह्यात सर्वांत उंच, शेवटचा कातळ चांगलाच दमवतो. बिनी दरवाजा, कोठी दरवाजा, मग तोरणजाईचं छोटं देऊळ. शिवरायांना धन सापडलं ते इथंच, असं परंपरा सांगते. त्या धनातून समोरचा राजगड उभा राहिला.

तोरणा घेऊन महाराजांनी स्वराज्याचं तोरण बांधलं, हे मराठी मूल शाळेतच शिकतं. व्ही. शांतारामांनी तेच आपल्या मूकपटाचं नाव ठेवलं होतं : ‘स्वराज्याचे तोरण’. १९२९ साली दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह त्यांनी कोल्हापुरात ‘प्रभात’ काढली. हा चित्रपट त्याच्या पुढच्या वर्षीचा. दिग्दर्शन शांतारामांचं, शिवाजी महाराजांच्या भूमिकेतही तेच. पण १९३० म्हणजे मिठाच्या सत्याग्रहाचं वर्ष. इंग्रजांच्या सेन्सॉरला ‘स्वराज्य’ खपेना. चित्रपट ‘उदयकाल’ या नावानं आला.

मूकपटात लिहिलेल्या पाट्या तेवढ्याच बोलतात, त्यामुळे सरकारचा हात पोचायचा तो तिथंच आधी. पण महाराजांच्या वेषातला माणूस पडद्यावर उभा राहिला, की मराठी प्रेक्षकाला पाटीची गरज काय होती? पुढे १९३५ मध्ये एकनाथांवरच्या ‘महात्मा’लाही ‘धर्मात्मा’ व्हावं लागलं. शांताराम थांबले नाहीत. १९२० साली बाबूराव पेंटरांच्या कंपनीत उमेदवारी सुरू केलेल्या, ‘सावकारी पाश’मधला तरुण शेतकरी साकारलेल्या या माणसाचा मोठेपणा ‘कुंकू’ आणि ‘माणूस’पासून मोजतात. मला तो ‘उदयकाल’पासूनच मोजावासा वाटतो, कारण सत्तेला टोचेल तेच सांगायचं, हा त्यांचा हट्ट तिथं स्पष्ट दिसतो.

गड उतरून कापूरहोळमार्गे भोरकडे निघालो, तर वाटेत भाटघरचं धरण. तिथं ‘शेजारी’ आठवणं अटळ होतं. १९४१ चा तो चित्रपट. देशात हिंदू-मुसलमानांमध्ये तेढ वाढत असताना शांतारामांनी एका गावातले दोन म्हातारे मित्र घेतले, धरणाच्या निमित्तानं त्यांच्यात फूट पाडली, आणि शेवटी फुटत्या धरणावर त्यांना पुन्हा एकत्र आणलं. गजानन जागीरदारांनी मिर्झा केला होता आणि केशवराव दात्यांनी पाटील : मुसलमान पात्र हिंदू नटाकडे देण्यामागेही शांतारामांचा विचार होताच.