शिवी आणि पाळी

नेवासे तालुक्यातील सौंदाळा गावाने नोव्हेंबर २०२४ मध्ये ग्रामसभेत ठराव करून आई-बहिणीवरून शिवी देणाऱ्यास ५०० रुपये दंड ठरविला. ती बातमी वाचली आणि आमचे कयाधूकाठचे गाव डोळ्यांपुढे आले. आमच्याकडे असा ठराव झाला, तर पाणीपट्टीची सारी थकबाकी एका बाजाराच्या दिवसात भरून निघेल! शिमग्याच्या सुट्टीत मोबाइलवर याच विषयावर छोटा अनुबोधपट काढायचे मी ठरविले.

भांडण दोन पुरुषांचे असते. शिवी मात्र घरात भाकरी थापीत बसलेल्या बाईवर जाऊन पडते. हे विचारले तर कुणालाच संकोच वाटला नाही. शिमग्यात तर शिव्यांना रूढीचीच परवानगी! एका काकांनी कॅमेऱ्यापुढे चार-पाच नमुने खणखणीत म्हणून दाखविले. हळद शिजवायला आलेल्या बायकाही पदर तोंडाला लावून हसल्या.

मग मी त्यांना विचारले, "मावशी, महिन्याच्या चार दिवसांना तुम्ही काय म्हणता?"

हसणे थांबले. "ते डबडं बंद कर आधी, माय!"

डबडे बंद केल्यावर शब्दांची रासच पडली : कावळा शिवला, बाहेर बसली, अडचण आहे. ('शिवणे' आणि 'शिवी' यांचे काही नाते आहे काय, हे मराठी विभागातील गुरुजनांनी सांगावे.) 'पाळी' हा शब्द तर किती साधा! उसाला पाण्याची पाळी देताना कुणाची जीभ अडखळत नाही. तोच शब्द बाईच्या देहाजवळ आला की गावाला घाम फुटतो.

हे केवळ आमच्याच गावचे नव्हे. उत्तर प्रदेशातील हापूड जिल्ह्यातल्या काठीखेडा गावावरील 'पीरियड. एन्ड ऑफ सेन्टेन्स.' या अनुबोधपटास २०१९ साली ऑस्कर मिळाले. त्यातही हा प्रश्न ऐकताच मुली लाजून गप्प होतात. पण त्या गप्पपणासमोर कॅमेरा चालू राहिला आहे. मला ते जमण्यासारखे नव्हते. मावशींनी बंद कर म्हटल्यावर बंदच करावा लागतो.

"कागदावर लिही हवं तर," असे त्या नंतर म्हणाल्या, म्हणून ते शब्द येथे आले. चित्रफितीत नाहीत. काकांच्या शिव्या आहेत, शिट्टी न घालता. त्यानंतर मावशींचा हुकूम, आणि मग दहा सेकंद नुसता काळा पडदा. वर्गमित्र म्हणतो, तेवढा भाग काप, लोकांना मोबाइल बिघडला असे वाटेल.