सत्तावीस दिवसांचं आवर्तन

कोलोन शहराबाहेर एका जुन्या शेतघरात कॉनी प्लांक या ध्वनिमुद्रकाचा स्टुडिओ होता. १९७०च्या दशकातल्या जर्मन इलेक्ट्रॉनिक संगीताचा बराच मोठा भाग त्या घरातून बाहेर पडला. तिथे ॲल्युमिनियमच्या नळ्यांच्या खुर्च्या होत्या आणि एका कामासाठी त्या टेप अडकवायला मांडल्या गेल्या. टेपची दोन टोकं एकमेकांना चिकटवून केलेला लांबलचक लूप मशीनच्या हेडवरून निघायचा, खुर्च्यांच्या पायांना वळसे घालत खोलीभर हिंडायचा आणि पुन्हा हेडपाशी यायचा. त्यावर गायलेला एकच लांब सूर होता. उरलेली टेप कोरी.

स्पूलच्या जमान्यात ब्लेडने टेप कापून संकलन केलेल्या माणसाला इथे पहिला प्रश्न पडतो तो लांबीचा. असे लूप एकत्र चालवणाऱ्या ब्रायन ईनो या संगीतकाराने १९९६ साली एका भाषणात आकडे सांगितले होते. एक सूर साडेतेवीस सेकंदांनी परत येई, दुसरा २५ पूर्णांक ७/८ सेकंदांनी, तिसरा २९ पूर्णांक १५/१६ सेकंदांनी. हे आकडे अंदाजाने सांगतोय, हेही त्याने बोलता बोलता सुचवलं होतं. टेप सेकंदाला १५ इंच या वेगाने चालत असेल, तर साडेतेवीस सेकंदांसाठी जवळपास नऊ मीटर टेप लागते. एवढी टेप मशीनसमोर नुसती लोंबत ठेवता येत नाही. ती सैल पडली की सूर डगमगतो, फार ताणली की जोड सुटतो. जोडही सरळ कापून चालत नाही. तिरका काप दिला तरच तो हेडवरून जाताना ‘टक्’ असा आवाज येत नाही. खुर्च्यांचे गोल, गुळगुळीत पाय अशा वेळी कामाला येतात.

आता त्या आकड्यांकडे पुन्हा पाहावं. तीन लूप म्हणजे तीन निरनिराळ्या लांबीची आवर्तनं. तिघांना एकाच क्षणी सुरू केलं, तर तिघांची सम पुन्हा एकत्र कधी पडेल? लसावि काढला तर उत्तर येतं २३ लाख ३० हजार ९५ सेकंद आणि वर अर्धा, म्हणजे जवळजवळ २७ दिवस. चंद्राला सगळी नक्षत्रं फिरून यायला लागतात तेवढेच. रेकॉर्डवरची ही रचना नऊ मिनिटांहूनही छोटी आहे. तेवढ्यात पहिला सूर बाविसेक वेळा येतो, तिसरा सतरा-अठरा वेळा, आणि तिघांची भेट दर वेळी वेगळ्या अंतराने होते. कधी एक सूर दुसऱ्याच्या शेपटीवर उमटतो, कधी दोघे एकदम उठतात, कधी सगळे गप्प. समेची वाट पाहायची सवय असलेल्या कानाला सुरुवातीला हे चमत्कारिक वाटतं, कारण इथे सम आहे, फक्त ती पुढच्या महिन्यात आहे.

ही रचना ज्या अल्बममधली, तो म्हणजे १९७८ सालचा ‘ॲम्बियंट १ : म्युझिक फॉर एअरपोर्ट्स’. ‘ॲम्बियंट’ हे नाव एका संगीतप्रकाराला चिकटलं ते इथूनच. २०१६ साली पिचफोर्क या संगीतविषयक प्रकाशनाने पन्नास सर्वोत्तम ॲम्बियंट अल्बमांची यादी केली, त्यात पहिलं नाव याचंच होतं. अल्बममध्ये चारच रचना आहेत आणि त्यांची नावं दफ्तरातल्या नोंदींसारखी आहेत : १/१, २/१, १/२, २/२. पहिला आकडा रचनेचा, दुसरा रेकॉर्डच्या बाजूचा. खुर्च्यांभोवती फिरलेले आवाज २/१ मधले.

या अल्बमच्या कीर्तीची एक गंमत आहे. लोक त्याच्याविषयी बोलतात तेव्हा बहुधा कल्पनेविषयी बोलतात. लक्ष देऊन ऐकावं किंवा दुर्लक्ष करावं, दोन्ही सारखंच चालेल असं संगीत. आपलं आपण वाढणारं संगीत. रचनाकाराने नियम ठरवावेत आणि बाजूला व्हावं. कल्पना मोठी आहे, यात वाद नाही. पण आवाजाच्या धंद्यातला माणूस हा अल्बम ऐकतो तेव्हा त्याला बाजूला झालेला कोणी दिसत नाही. जागोजागी बोटांचे ठसे दिसतात.

१/१ घ्या. स्टुडिओत चार वादक होते आणि ईनोने सुचवलेले उत्स्फूर्त वादनाचे काही प्रयोग चालले होते. त्यांना एकमेकांचं वाजवणं नीट ऐकू येत नव्हतं. नंतर टेप ऐकताना ईनोला एक अगदी छोटा तुकडा सापडला. त्यात दोन पियानोंच्या ओळी, एकमेकींचा पत्ता नसताना, छान गुंतल्या होत्या. त्याने तेवढाच भाग कापून लूप केला आणि अर्ध्या वेगाने वाजवला. पियानोवर नाव आहे रॉबर्ट वायट याचं. हा मुळात ‘सॉफ्ट मशीन’चा ड्रमवादक. १९७३ साली उंचावरून पडून कमरेखाली लुळा झाल्यावर तो गाणं आणि कीबोर्डकडे वळला होता.

अर्ध्या वेगाने काय होतं? सूर एक सप्तक खाली येतो, हे सगळ्यांना माहीत असतं. पण खरा बदल सुराच्या सुरुवातीला आणि शेवटाला होतो. पियानोची हातोडी तारेवर पडते तो कडक क्षण दुप्पट लांबतो आणि बोथट होतो. सूर विरायला दुप्पट वेळ घेतो. वरची चमक खाली उतरते. पियानो पियानोच राहतो, पण तो वाजवणारा हात कुणा माणसाचा वाटत नाही. हे सगळं एका बटणाने झालं. त्याआधी मात्र कुणीतरी तासन्‌तास टेप ऐकली होती, ते काही सेकंद वेगळे काढले होते आणि बाकीचं वादन टाकून दिलं होतं. टाकलेलं कुणाला ऐकू येत नाही, म्हणून त्याची कहाणीही होत नाही.

जी कहाणी झाली, ती अपघाताची. जानेवारी १९७५ मध्ये लंडनमध्ये ईनोला टॅक्सीची धडक बसली आणि तो अंथरुणाला खिळला. ज्युडी नायलन ही मैत्रीण भेटायला आली आणि अठराव्या शतकातल्या हार्पच्या संगीताची रेकॉर्ड देऊन गेली. त्याने मोठ्या कष्टाने ती लावली. परत पडल्यावर लक्षात आलं की आवाज फारच बारीक आहे आणि एक स्पीकर बंदच आहे. उठायची ताकद नव्हती. बाहेर पाऊस पडत होता आणि हार्पचे मोजके सूर त्या पावसातून अधूनमधून वर येत होते. त्याच वर्षी आलेल्या ‘डिस्क्रीट म्युझिक’ या अल्बमच्या वेष्टनावर ईनोने हे लिहिलं आणि तेव्हापासून ॲम्बियंट संगीताची जन्मकथा म्हणून ते सांगितलं जातं.

नायलनची आठवण वेगळी आहे. तिच्या म्हणण्याप्रमाणे रेकॉर्ड तिनेच लावली. पावसाचा आवाज आणि तारांचा आवाज यांचा मेळ जमेपर्यंत तिने आवाज कमी-जास्त केला, आणि ती काय करते आहे हे कळताच ईनोनेही त्यात हात घातला. चुकून काहीच घडलं नव्हतं. या दोन हकिकतींत कारागिराला दुसरी अधिक पटते, कारण ती ओळखीची आहे. दोन माणसं एका खोलीत दोन आवाजांच्या पातळ्या जुळवत आहेत. याला मिक्सिंग म्हणतात.

विमानतळाचा विचार आला तो कोलोन-बॉन विमानतळावर एका सकाळी विमानाची वाट पाहताना. इमारत देखणी होती. तिचा वास्तुरचनाकार पॉल श्नायडर-एस्लेबेन हा क्राफ्टवेर्क या बँडच्या फ्लोरियान श्नायडरचा बाप. अशा वास्तूत स्पीकरमधून मात्र भलतंच काही वाजत होतं. ईनोने तिथल्या संगीतासाठी ज्या अटी काढल्या, त्या एखाद्या ध्वनिअभियंत्याच्या वहीत शोभतील. घोषणा होणार, म्हणून संगीत मध्येच तोडता आलं पाहिजे. माणसं ज्या पट्टीत आणि ज्या गतीने बोलतात, ती पट्टी आणि गती टाळली पाहिजे. ट्रॉल्या, पावलं, इंजिनं यांचा आवाज पोटात घेता आला पाहिजे. आणि विमानात बसणाऱ्याच्या मनात मरणाचा विचार डोकावतोच, हे मान्य केलं पाहिजे.

शेवटची अट महत्त्वाची. दुकानांत आणि लिफ्टमध्ये वाजणारं संगीत पुरवणारी म्युझॅक ही अमेरिकी कंपनी १९३४ पासून धंद्यात होती. तिचा माल मूळ गाण्यातली सगळी टोकं घासून मिळे. ईनोने वेष्टनावरच्या टिपणात बरोबर उलटी भूमिका मांडली : संगीतातली शंका, अनिश्चितता काढून टाकायची नाही. २/१ मध्ये ती शंका कानांनी पकडता येते. तिथल्या सुरांमधले दोन सूर एकमेकांपासून अर्ध्या स्वराच्या अंतरावर आहेत. बहुतेक वेळ ते वेगवेगळे येतात. अधूनमधून एकमेकांवर येतात, तेव्हा किंचित टोचतं, आणि लूप पुढे सरकले की ते टोचणं आपोआप निघून जातं. ते दोन सूर कोणते असावेत हे टेपने ठरवलं नव्हतं.

आज लॅपटॉपवर अशी रचना बांधायला अर्धा तास पुरतो. सात-आठ सूर घ्यायचे, प्रत्येकाला वेगळी लांबी द्यायची आणि सोडून द्यायचे. आवाजाचं काम शिकणाऱ्या मुलांना हा धडा हमखास आवडतो, आणि निकाल हमखास निर्जीव येतो. चुका ठरलेल्या असतात. सूर इतके गोड निवडलेले असतात की कुठल्याही दोघांची भेट झाली तरी काहीच घडत नाही. लूप इतके आखूड की पाचव्या फेरीला कानाला नकाशा पाठ होतो. सुरांमध्ये कोरी जागा सोडायचं धाडस नसतं. आणि सूर सिंथेसायझरचा असतो, म्हणजे तो उमटताना कुणाचा श्वास लागलेला नसतो. २/१ मध्ये क्रिस्टा फास्ट, क्रिस्टीन गोमेझ आणि इंगे त्साइनिंगर या तीन स्त्रिया आणि स्वतः ईनो यांचे आवाज आहेत. आवाज हळूहळू भरतो, थोडा थरथरतो आणि उतरतो. तोच लूप बाविसाव्यांदा आला तरी गळा माणसाचाच असतो.

अशा संगीताचे पूर्वज होतेच. संगीतकार एरिक सातीने १९२० साली पॅरिसमधल्या एका कलादालनात ‘फर्निचर संगीत’ वाजवलं, तेव्हा लोक बोलायचे थांबून ऐकू लागले आणि त्यांना बोलत राहण्याची विनवणी करायची पाळी त्याच्यावर आली. संगीतकार स्टीव्ह राइकने १९६५ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोतल्या एका रस्त्यावरच्या धर्मोपदेशकाचा आवाज दोन टेपांवर चालवला आणि दोघांना हळूहळू एकमेकांपासून घसरू दिलं. ईनो त्या कृतीचं ऋण उघडपणे मानतो. एक धागा आपल्याकडेही येतो. अब्दुल करीम खाँ यांच्यामुळे मिरजेत रुजलेल्या किराणा घराण्याची एक शाखा पंडित प्राणनाथ यांच्यासोबत १९७० मध्ये अमेरिकेत गेली. ला माँट यंग आणि टेरी रायली हे अमेरिकी संगीतकार त्यांचे शिष्य. ट्रम्पेटवादक जॉन हॅसेलही त्यांच्याकडेच शिकला, आणि १९८० साली त्याने ईनोबरोबर ‘पॉसिबल म्युझिक्स’ हा अल्बम केला. एकाच सुराजवळ बराच वेळ बसून राहण्याची सवय त्या मंडळींना लागली त्यात तानपुऱ्याचा वाटा आहे.

अल्बम आला तेव्हा सगळेच हरखले नव्हते. रोलिंग स्टोन या मासिकाच्या समीक्षकाला तो दिशाहीन वाटला होता. विमानतळांवरही तो फारसा टिकला नाही. १९८०च्या दशकात न्यूयॉर्कच्या लाग्वार्डिया विमानतळाच्या मरीन एअर टर्मिनलमध्ये तो काही काळ बसवला होता, एवढंच. शेफील्डच्या ‘द ब्लॅक डॉग’ या गटाने २०१० मध्ये ‘म्युझिक फॉर रिअल एअरपोर्ट्स’ काढून त्याला तोंडावर उत्तर दिलं. विमानतळांवर मुद्रित केलेले आवाज वापरून त्यांनी रांगा, तपासण्या आणि कंटाळा यांचं संगीत केलं. प्रवाशाची बाजू त्यांची खरी होती. झोपेच्या आणि एकाग्रतेच्या प्लेलिस्टांत आज ॲम्बियंट या नावाखाली जे वाहतं, त्यातलं बरंचसं मात्र म्युझॅकचीच नवी आवृत्ती आहे. टोकं पुन्हा घासलेली.

अल्बम कल्पनेपलीकडे उभा राहतो का, याची खरी परीक्षा १९९८ मध्ये झाली. न्यूयॉर्कच्या ‘बँग ऑन अ कॅन’ या गटाने चारही रचना माणसांसाठी लिहून काढल्या. मायकेल गॉर्डन, डेव्हिड लँग, ज्युलिया वुल्फ आणि इव्हान झिपोरिन यांनी एकेक वाटून घेतली. टेपला मोजावं लागत नाही. चेलो आणि क्लॅरिनेट वाजवणाऱ्याला लागतं : कोऱ्या जागाही मोजायच्या, आणि मोजल्याचं कळूही द्यायचं नाही. ॲम्स्टरडॅमच्या स्खिपोल विमानतळावर त्यांनी हे वाजवलं. मशीन काढून घेतल्यावरही रचना उभी राहिली, म्हणजे तिचं बळ मशीनमध्ये नव्हतं. सुरांच्या निवडीत आणि अंतरांत होतं.

ईनो स्वतः पुढे याच वाटेने चालत राहिला. १९९६ मध्ये संगणकाच्या आज्ञावलीतून प्रत्येक वेळी नवं वाजणारं ‘जनरेटिव्ह म्युझिक १’, २००८ मध्ये पीटर चिल्व्हर्सबरोबर केलेलं ‘ब्लूम’ हे ॲप, २०१७ मध्ये ‘रिफ्लेक्शन’. या शेवटच्याची पद्धत त्यानेच लिहिली आहे : सूर आणि नियम ठरवायचे, यंत्रणा चालू करायची, बराच काळ ऐकत राहायचं, नियम बदलायचे, पुन्हा चालू करायची. ‘रिफ्लेक्शन’चं ॲप न थांबता, पुनरावृत्ती न होता वाजत राहतं. खुर्च्यांची आणि नऊ मीटर टेपची गरज उरलेली नाही आणि २७ दिवसांची मर्यादाही नाही. तरी त्याच नावाने त्याने ५४ मिनिटांचा अल्बमही काढला. त्यासाठी त्या अखंड वाहणाऱ्या आवाजातून एक तुकडा निवडावा लागला, कुठे सुरू करायचा आणि कुठे फेड करायचा हे ठरवावं लागलं, आणि ते काम त्याने ॲपकडे सोपवलं नाही.